मात्रेचा हिशेब

व्यापारी घरात वाढलेल्या मुलाला हिशेब वेगळा शिकवावा लागत नाही, असे म्हणतात. ते बऱ्याच अंशी खरे आहे. शेकडा किती, क्विंटलमागे किती, दलाली, तोलाई आणि हमाली वजा जाता हाती काय उरले, हे सारे जेवताना आपोआप कानी पडत असते. पैशाचा हिशेब आपण पै-पैचा ठेवतो. परंतु त्याच दुकानात, त्याच गोदामात आणि त्याच घरात वापरल्या जाणाऱ्या कीटकनाशकांचा व जंतुनाशकांचा हिशेब मात्र आपण बहुधा अंदाजाने करतो. झाकणभर, ओंजळभर, ‘जरा कडक’, ‘थोडे जास्तच बरे’ ही आपली मापे. ज्या वस्तूचा एक थेंबही मोजून वापरावा, तीच वस्तू आपण न मोजता वापरतो, या विसंगतीविषयी काही विचार वाचकांपुढे ठेवण्याचा हा प्रयत्न आहे.

माझी नोकरी बँकेत झाली. तिचा मोठा भाग कृषी व व्यापारी कर्जांच्या विभागात गेला. मालाच्या तारणावर कर्ज दिले की दर महिन्याला गोदामाची तपासणी करावी लागे. सांगलीत हळद, गूळ आणि बेदाणा, तर अन्य ठिकाणी तूर, हरभरा, गहू आणि ज्वारी. थप्प्या मोजायच्या, पोत्यात बंबी घालून नमुना काढायचा, साठा-पत्रकाशी आकडे ताडून पाहायचे, असा तो क्रम. नमुन्याच्या मुठीत सोंडे किंवा भुंगेरे चालताना दिसले की मालाची किंमत उतरते आणि किंमत उतरली की कर्जाचे तारणही उणे होते. म्हणून कीडनियंत्रण हा आमच्याही आस्थेचा विषय असे. मात्र ती आस्था मालापुरती होती. औषध किती घातले, कोणी मारले आणि त्या माणसाचे काय झाले, यासाठी साठा-पत्रकात रकाना नव्हता.

त्या रकान्याची उणीव मला एका उन्हाळ्यात तीव्रतेने जाणवली. एका पेढीच्या गोदामात मी नेमाप्रमाणे तपासणीस गेलो होतो. आदल्या दिवशी तेथे फवारणी झाली होती. दार उघडताच डोळ्यांना झोंबेल असा दर्प आला. चौकशी करता कळले की, हरभऱ्यात भुंगेरा दिसल्यामुळे मालकाने हमालालाच पंप पाठीवर घ्यायला सांगितले होते. ‘औषध जरा कडक कर’ एवढीच सूचना. मे महिना, शटर खाली ओढलेले, तोंडाला साधा रुमाल. तासाभरात त्या माणसाला गरगरू लागले, तोंडाला लाळ सुटली, उलट्या झाल्या. वेळेवर रुग्णालयात नेल्याने तो वाचला आणि चार दिवसांनी कामावरही आला. मी त्याला विचारले, “मामा, पंपात औषध किती टाकलं होतं?” तो म्हणाला, “साहेब, बाटली अर्धी झाली एवढं ध्यानात हाय. माप कुणी दिलंच नव्हतं.”

त्या उत्तरात मला कोणा एकाचा दोष दिसला नाही, तर एक संपूर्ण रीत दिसली. ज्या पेढीवर पाच रुपयांच्या फरकासाठी रोजमेळ पुन्हा तपासला जातो, तेथे विषाला माप नव्हते. पुढे २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात शेतात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी व शेतमजूर दगावले, तेव्हा साऱ्या महाराष्ट्राला हळहळ वाटली. त्या बातम्या वाचताना मला गोदामातले ते मामा आठवत राहिले.

निवृत्तीनंतर समाजाच्या विद्यार्थी वसतिगृहाचे हिशेब पाहण्याचे काम माझ्याकडे आले. २०१९ च्या ऑगस्टमध्ये कृष्णेला महापूर आला. सांगलीच्या आयर्विन पुलापाशी धोक्याची पातळी ४५ फूट मानली जाते. त्या वर्षी पाणी ५७ फुटांच्या वर गेले. पेठांतील दुकाने, गोदामे आणि घरे पाण्याखाली गेली. पाणी ओसरले, तेव्हा मागे उरला तो गाळ, कुजलेले धान्य आणि दुर्गंधी. वसतिगृहाच्या तळमजल्याची, कोठीघराची आणि विहिरीची तीच अवस्था होती. स्वयंसेवक मुले उत्साहाने आली, कोणी टीसीएल पावडरची पोती आणून दिली, कोणी फिनेल, कोणी हायपोक्लोराइटचे कॅन. साहित्य भरपूर होते. ते किती पाण्यात किती घालावे, हे मात्र कोणीच ठामपणे सांगत नव्हते. तेव्हा मी कागद-पेन घेऊन बसलो. वाणिज्य शाखेत शिकलेले मिश्रणाचे गणित आयुष्याच्या उत्तरार्धात असे कामी येईल, असे वाटले नव्हते.

ते गणित मुळात अवघड नाही. पहिली गोष्ट टक्क्याची. एक टक्का द्रावण म्हणजे शंभर भागांत एक भाग, म्हणजेच एका लिटरमध्ये १० ग्रॅम. पीपीएम म्हणजे दहा लाख भागांत एक भाग, म्हणजे पाण्याच्या बाबतीत लिटरमागे एक मिलिग्रॅम. त्यामुळे एक टक्का म्हणजे १०,००० पीपीएम. एवढे ध्यानात ठेवले की पुढचे सारे त्रैराशिक आहे. हवी ती तीव्रता गुणिले हवे तेवढे द्रावण, भागिले बाटलीतील औषधाची तीव्रता. बाजारातील सोडियम हायपोक्लोराइट पाच टक्क्यांचे असेल आणि आपल्याला एक टक्क्याचे दहा लिटर द्रावण हवे असेल, तर एक गुणिले दहा भागिले पाच, म्हणजे दोन लिटर औषध आणि आठ लिटर पाणी. फरशी आधी स्वच्छ धुऊन नंतर पुसण्यासाठी ०.१ टक्क्याचे द्रावण पुरते. तेव्हा त्याच दहा लिटरसाठी केवळ २०० मिलिलिटर औषध लागते. दोन लिटर आणि २०० मिलिलिटर यांत दहापटींचा फरक आहे. तो डोळ्यांना दिसत नाही, नाकाला मात्र कळतो, आणि तोवर उशीर झालेला असतो.

दुसरी गोष्ट शब्दांची. ‘एकास पाच’ या बोलीचा अर्थ काय? काही जण एक भाग औषध आणि पाच भाग पाणी घेतात, काही जण एकूण पाच भागांत एक भाग औषध घेतात. पाच टक्क्यांच्या औषधाचे पहिल्या रीतीने ०.८३ टक्क्याचे द्रावण होते आणि दुसऱ्या रीतीने एक टक्क्याचे. हुंडी वटवणाऱ्या वडीलधाऱ्यांना हा भेद लगेच समजेल. शंभर रुपयांच्या हुंडीवर शेकडा वीस आधीच कापून घेतले, तर हाती ८० येतात. कापलेले वीस शंभरावर शेकडा वीसच आहेत, पण हाती आलेल्या ऐंशीवर ते शेकडा पंचवीस होतात. रक्कम तीच, पाया बदलला की दर बदलतो. औषधाच्या बाबतीतही ‘किती’ विचारण्याआधी ‘कशावर’ हे विचारले पाहिजे. म्हणून आम्ही वसतिगृहात ‘एकास अमुक’ ही भाषाच बंद केली. फलकावर लिहिले, ‘बादलीत आधी आठ लिटर पाणी, मग त्यात दोन लिटर औषध’. अर्थ लावण्याची गरज उरली नाही.

तिसरी गोष्ट मालाच्या कसाची. टीसीएल पावडर, म्हणजे ब्लीचिंग पावडर, ताजी असताना तिच्यात सुमारे ३३ टक्के क्लोरीन उपलब्ध असतो. पण पोते उघडे राहिले, त्याला दमट हवा आणि ऊन लागले, की हा कस उतरत जातो. एक टक्क्याच्या एका लिटर द्रावणाला १० ग्रॅम क्लोरीन हवा. पावडर ३३ टक्क्यांची असेल तर सुमारे ३० ग्रॅम पुरे. तीच पावडर २० टक्क्यांवर उतरली असेल तर ५० ग्रॅम लागेल. वर्षापूर्वीच्या पावडरीवर विसंबून ३० ग्रॅमच घातले, तर आपण जंतुनाशक वापरले असे मनाचे समाधान तेवढे होते. हिशेबवहीत ज्याला आपण घसारा म्हणतो, तो औषधालाही असतो. म्हणून पोत्यावरची उत्पादनाची तारीख पाहणे, पावडर घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या डब्यात सावलीत ठेवणे आणि जुना माल आधी वापरणे, हे नियम किराणा दुकानाइतकेच येथेही लागू आहेत.

विहिरीचा हिशेब मुलांनी स्वतः केला, त्याचे मला विशेष समाधान वाटले. गोल विहिरीचा व्यास मीटरमध्ये घ्यावा, त्याचा वर्ग करावा, पाण्याच्या खोलीने गुणावे आणि पुन्हा ०.७८५ ने गुणावे. येणारा आकडा घनमीटरचा, आणि एक घनमीटर म्हणजे हजार लिटर. आमच्या विहिरीचा व्यास तीन मीटर, पाणी चार मीटर. हिशेब २८.२६ घनमीटर, म्हणजे अठ्ठावीस हजार लिटरांच्या वर आला. एरवीच्या पाण्यासाठी हजार लिटरमागे चांगल्या प्रतीची अडीच ग्रॅम पावडर, हे रूढ प्रमाण आहे. त्यानुसार सुमारे ७० ग्रॅम. मुले चकित झाली. ती एक घमेले भरून टाकायला निघाली होती! परंतु पुराचे पाणी एरवीचे पाणी नव्हे. गाळ व सेंद्रिय घाण क्लोरीन खाऊन टाकते. म्हणून प्रथम विहीर उपसून गाळ काढला, नवे पाणी येऊ दिले, पावडर बादलीत कालवून, निवळी वेगळी करून ती पाण्यात सोडली, आणि तासाभराने आरोग्य विभागाच्या सेवकाने ओटी चाचणी करून पाण्यात पुरेसा क्लोरीन शिल्लक आहे की नाही, हे पाहिले. रोजमेळ लिहून भागत नाही, दिवसअखेर गल्ल्यातील शिल्लक मोजावी लागते. ओटी चाचणी म्हणजे पाण्यातली ती अखेरची शिल्लक.

गोदामातील फवारणीत आणखी एक पदर असतो आणि तेथेच बहुतेकांची गफलत होते. द्रावण किती तीव्र, हा एक प्रश्न. ते किती जागेवर किती मारायचे, हा दुसरा. व्याजाचा दर बरोबर धरला आणि मुदत चुकीची धरली, तर व्याज चुकणारच. सरकारी गोदामांत मॅलॅथिऑन ५० टक्के ईसीचे रूढ प्रमाण असे, की एक लिटर औषध शंभर लिटर पाण्यात, आणि त्या द्रावणातील तीन लिटर शंभर चौरस मीटरवर. २० मीटर लांब, १० मीटर रुंद आणि ५ मीटर उंच गोदाम धरले, तर जमीन २०० आणि चार भिंती ३००, असे ५०० चौरस मीटर होतात. त्याला १५ लिटर द्रावण, म्हणजे पाठीवरचा एक पंप, आणि त्यात केवळ १५० मिलिलिटर औषध. ‘बाटली अर्धी झाली’ असे म्हणणारे मामा येथे पुन्हा आठवतात. ही फवारणी भिंती, जमीन, थप्प्यांमधल्या वाटा आणि पोत्यांची बाहेरची बाजू यांच्यासाठी असते. धान्यावर थेट औषध मारणे ही वेगळी आणि गंभीर गोष्ट आहे.

फवारणाऱ्याचा हात तपासण्याची एक सोपी रीत आहे. पंपात नुसते पाणी मोजून भरावे, दहा चौरस मीटर भिंतीवर नेहमीच्या चालीने मारावे आणि किती पाणी संपले ते पाहावे. ३०० मिलिलिटर संपले तर हात बरोबर. ६०० संपले तर मिश्रण अचूक असूनही औषध दुप्पट पडणार. तेव्हा नोझल बदलावे किंवा चाल वाढवावी. हा प्रयोग पाच मिनिटांचा आहे, आणि त्यात एक पैशाचे औषध खर्च होत नाही.

एका औषधाची सवय दुसऱ्याला लावू नये, हेही आकड्यांवरूनच कळते. डेल्टामेथ्रिन २.५ टक्के ही पाण्यात मिसळणारी भुकटी गोदामांत एक किलोला २५ लिटर पाणी या प्रमाणात वापरतात. द्रावण तेवढेच, शंभर चौरस मीटरला तीन लिटर. पण मॅलॅथिऑनचा मूळ विषारी अंश शंभर चौरस मीटरला १५ ग्रॅम पडतो, तर डेल्टामेथ्रिनचा केवळ तीन. एकाची फवारणी पंधरा दिवसांनी पुन्हा करतात, दुसऱ्याची नव्वद दिवसांनी. यावरून कोणते सौम्य आणि कोणते जहाल असा निष्कर्ष मात्र काढू नये. प्रत्येक विषाची शक्ती निराळी असते, म्हणून तर त्याची मात्रा निराळी ठरवलेली असते. शेवटचा शब्द डब्यावरील लेबलाचा. १९६८ च्या कीटकनाशक कायद्यानुसार लेबलवर सूचना असतात आणि चौकोनात रंगीत त्रिकोण असतो. लाल, पिवळा, निळा आणि हिरवा असा तो विषारीपणाचा उतरता क्रम आहे. आपल्या दुकानातील प्रत्येक गुमास्त्याला आणि हमालाला निदान हे चार रंग ओळखता आले पाहिजेत.

दोन गोष्टी तर हिशेबाच्या पलीकडच्या आहेत. ब्लीचिंग पावडर किंवा हायपोक्लोराइट हे संडास साफ करण्याच्या ॲसिडमध्ये कधीही मिसळू नये. त्यातून क्लोरीन वायू सुटतो आणि बंद न्हाणीघरात तो जीवघेणा ठरतो. तसेच ॲल्युमिनियम फॉस्फाइडच्या गोळ्या घरातल्या गव्हात ठेवू नयेत. तीन ग्रॅमच्या एका गोळीतून सुमारे एक ग्रॅम फॉस्फीन वायू निघतो. ते काम प्रशिक्षित माणसांचे आहे, राहत्या घराचे नव्हे. येथे योग्य मात्रा एकच, ती म्हणजे शून्य.

हे सारे लिहिताना एका प्रश्नाला सामोरे जाणे मला आवश्यक वाटते. पुरानंतर मी आकडेमोड करत बसलो असता पाठशाळेत जाणारी माझी नात जवळ आली. कागदाकडे पाहत तिने विचारले, “आजोबा, आपण मुंगीसुद्धा फुंकर घालून बाजूला करतो ना? मग किडे मारायचं गणित तुम्ही का करता?” तिच्या प्रश्नात उद्धटपणा नव्हता, खरोखरीचा संभ्रम होता. तो केवळ लहान मुलाचा संभ्रम आहे, असेही मला म्हणवत नाही. धान्याचा व्यापार करणाऱ्या आपल्या अनेक कुटुंबांत तो पिढ्यान्‌पिढ्या मनाच्या कोपऱ्यात राहिलेला आहे.

आपल्या आचार्यांनी या प्रश्नाला बगल दिलेली नाही. हिंसेचे संकल्पी, आरंभी, उद्योगी आणि विरोधी असे चार प्रकार सांगून, गृहस्थाने संकल्पी हिंसा पूर्णतः टाळावी आणि उरलेल्या प्रकारांत यत्नाचार पाळावा, असा मार्ग दाखवला. पंधरा कर्मादानांत विषवाणिज्याचा स्पष्ट उल्लेख आहे. अणुव्रतांना बळ देणाऱ्या गुणव्रतांत अनर्थदंडविरती आहे. अनर्थदंड म्हणजे प्रयोजनावाचून घडणारी हिंसा. माझ्या आकडेमोडीचा धर्माशी संबंध मला नेमका येथे दिसतो. दीडशे मिलिलिटरने जे काम होते, तेथे पाचशे घातले, तर उरलेले साडेतीनशे कशासाठी होते? त्यांनी धान्य अधिक वाचले नाही. त्यांनी पाल, कोळी, गांडूळ, गटारातून नदीत गेल्यावर मासे, आणि पंप वाहणारा माणूस यांना मात्र इजा केली. आवश्यकतेपेक्षा जास्त टाकलेला प्रत्येक मिलिलिटर हा अनर्थदंड आहे.

मात्र ‘मोजून मारले, म्हणून पाप नाही’ असे मी नातीला सांगितले नाही. तसे सांगणे म्हणजे वहीत नोंद करून देणे फिटले असे मानण्यासारखे झाले असते. मी तिला इतकेच म्हणालो, “बाळ, हे गणित किडे मारण्यासाठी नाही, मारणं कमीत कमी व्हावं यासाठी आहे. आणि याच्या आधी एक गणित असतं. औषधच लागू नये, याचं. ते तुझ्या पणजीला येत होतं.”

माझी आई फारशी शिकलेली नव्हती. पण तूर आणि हरभरा कडक उन्हात वाळवल्याशिवाय ती कोठीत भरत नसे. दाणा दाताखाली घेऊन कटकन तुटतो की नाही, हे पाहणे हे तिचे आर्द्रतामापक यंत्र. डाळीला एरंडेलाचा हात, डब्यात कडुलिंबाचा वाळलेला पाला, नवे धान्य जुन्यात कधी मिसळायचे नाही, कोठी रिकामी झाली की झाडून, पुसून, ऊन दाखवल्याखेरीज पुन्हा भरायची नाही, हे तिचे नियम होते. आजचे शास्त्र वेगळ्या शब्दांत हेच सांगते. धान्यातील ओलावा कमी असेल, फटी बुजवलेल्या असतील, सांडलेले दाणे रोज झाडून काढलेले असतील, पोती भिंतीपासून अंतर राखून फळ्यांवर रचलेली असतील, तर कीड मुळात वाढत नाही. जी कीड जन्मालाच आली नाही, तिला मारण्याची वेळ येत नाही. अहिंसेच्या दृष्टीने झाडू हा पंपापेक्षा श्रेष्ठ आहे. शिवाय तो स्वस्तही आहे, हे व्यापारी वाचकांना वेगळे सांगायला नको.

मुनिवरांच्या पाच समितींपैकी दोन मला या कामात विशेष मार्गदर्शक वाटतात. आदाननिक्षेपण समिती म्हणजे वस्तू उचलताना व ठेवताना बाळगायची सावधता. औषध मोजण्याचे पात्र वेगळे असणे, त्याच्यावर खूण असणे, ते कुलपात असणे आणि पिण्याच्या पाण्याच्या बाटलीत औषध कधीही न भरणे, हा तिचा गृहस्थी अर्थ. उत्सर्ग समिती म्हणजे टाकाऊ वस्तूचा त्याग जीवजंतूंना इजा न होईल अशा जागी, पाहून-सवरून करणे. फवारणीनंतर उरलेले द्रावण गटारात ओतणे किंवा पंप नदीकाठी धुणे, हे या दृष्टीचे थेट उल्लंघन होय. आणि खरे तर हिशेब बरोबर केला, तर द्रावण उरतच नाही. जेवढी जागा, तेवढेच मिश्रण. विल्हेवाटीचा प्रश्न सोडवण्याचा याहून चांगला उपाय मला ठाऊक नाही.

गणिताची ही परंपराही आपल्याला परकी नाही. नवव्या शतकात राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्षाच्या काळात होऊन गेलेल्या महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रह’ हा ग्रंथ रचला. त्यात ‘मिश्रकव्यवहार’ नावाचे स्वतंत्र प्रकरण आहे. मुद्दल आणि व्याज यांचे प्रश्न आणि वेगवेगळ्या कसाच्या सोन्याच्या मिश्रणाचे प्रश्न त्या एकाच प्रकरणात येतात. सोलापूरच्या जैन संस्कृति संरक्षक संघाने १९६३ साली हा ग्रंथ हिंदी अनुवादासह प्रसिद्ध केला. बँकेत व्याज काढणारा माझ्यासारखा माणूस निवृत्तीनंतर मिश्रणाकडे वळला, तर तो विषयांतर करत नाही. आपल्या पूर्वसूरींच्या दृष्टीने तो त्याच प्रकरणात आहे.

२०२० साली कोविडची साथ आली, तेव्हा वसतिगृहाला पुराच्या वेळच्या या तयारीचा उपयोग झाला. केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने सार्वजनिक जागांच्या स्वच्छतेसाठी एक टक्का सोडियम हायपोक्लोराइट सांगितले होते. आमच्या भिंतीवरचा तक्ता तयारच होता. त्याच सुमारास ठिकठिकाणी माणसांवर जंतुनाशकाचे फवारे मारणारे बोगदे उभे राहू लागले. माणसांच्या अंगावर अशी फवारणी करू नये, असे मंत्रालयाने त्या एप्रिलमध्येच स्पष्ट केले. आमच्या प्रवेशद्वारीही असा बोगदा एका दात्याच्या देणगीतून बसवावा, अशी सूचना आली होती. दात्याचे मन न दुखावता ती रक्कम साबण, हातमोजे आणि मुखपट्ट्यांकडे वळवण्यात आली. भावना चांगली असली, तरी मात्रा आणि जागा चुकली की औषधाचा उपद्रव होतो.

आपल्या पेढ्यांसाठी आणि घरांसाठी मी काही साध्या सूचना करू इच्छितो. गोदामाच्या दारामागे एक तक्ता लावावा. त्यावर जागेचे चौरस मीटर, वापरायच्या औषधाचे नाव व टक्केवारी, पंपामागे किती मिलिलिटर आणि पुढची तारीख, एवढे लिहावे. रोजमेळाशेजारी एक औषध-वही ठेवावी. आणले किती, वापरले किती, शिल्लक किती. दहा आणि शंभर मिलिलिटरच्या खुणांची दोन मापे आणि एक छोटा तराजू औषधांसाठी वेगळा ठेवावा. फवारणी करणाऱ्यास हातमोजे, चष्मा, योग्य मुखपट्टी आणि अंगभर कपडे द्यावेत, शटर उघडे ठेवून सकाळच्या गार वेळी काम करवावे, आणि नंतर त्याला साबण-पाणी व चहा-नाश्त्याची सोय असावी. या साऱ्याचा खर्च एका पोत्याच्या किमतीइतकाही नाही.

आणि या वहीत आणखी एक रकाना आखावा, अशी माझी विनंती आहे. ‘फवारणी कोणी केली, नंतर प्रकृती कशी होती?’ बँकेच्या साठा-पत्रकात तो रकाना मी कधी पाहिला नाही. आपल्या वहीत तो असायला काहीच हरकत नाही. दर संवत्सरीला आपण चौऱ्याऐंशी लक्ष योनींतील जीवांची क्षमा मागतो. त्या असंख्य जीवांमध्ये पाठीवर पंप घेऊन आपल्याच गोदामात उभा असलेला एक जीव असतो. त्याच्यासाठी क्षमा मागण्याआधी माप मोजून देणे आपल्या हाती आहे.